धार्मिक संस्थेच्या शाळेचं अनुदान नाकारलं, तर निर्णय तपासायचा कसा आणि दाद मागायची कुठे

अनुदानाचा प्रस्ताव नामंजूर होऊन परत आला की संस्थेच्या कार्यालयात पहिलं वाक्य ऐकू येतं ते "आपल्याला मुद्दाम डावललं". कधीकधी ते खरंही असतं. पण मनातला आकस सिद्ध करणं महाकठीण, आणि निर्णय नियमाला धरून घेतला नाही हे दाखवणं त्या मानाने सोपं. म्हणून आधी कागद तपासायचे आणि भेदभावाचा शब्द उच्चारायचा तो त्यानंतर, हाच क्रम मला योग्य वाटतो.

हा लेख महाराष्ट्रातल्या शाळा डोळ्यांसमोर ठेवून लिहिला आहे. मिशनची शाळा, जैन किंवा शीख संस्थेचं विद्यालय, एखाद्या अंजुमनचं उर्दू हायस्कूल, गणित-विज्ञानही शिकवणारा मदरसा, तसंच अल्पसंख्याक दर्जा नसलेल्या पण मठ-देवस्थानाच्या ट्रस्टने चालवलेल्या शाळा, या सगळ्यांना तो लागू पडेल. फरक जिथे पडतो तिथे तसं सांगितलं आहे.

हक्क नेमका कशावर

अनुदान मिळणं हा मूलभूत हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २७ सप्टेंबर २०२१ रोजी उत्तर प्रदेशातल्या अभय नंदन इंटर कॉलेजच्या प्रकरणात स्पष्ट केलं. अनुदान द्यायचं की नाही, किती आणि कोणत्या अटींवर, हे सरकारचं धोरण आहे. आणि या बाबतीत अल्पसंख्याक संस्था आणि इतर संस्था एकाच पायरीवर उभ्या आहेत, असंही त्या निकालात म्हटलं आहे. त्यामुळे "आम्हाला अनुदान मिळालंच पाहिजे" एवढ्याच मागणीवर उभी केलेली याचिका फार पुढे जात नाही.

पण सरकारने एकदा योजना काढली, निकष ठरवले आणि अर्ज मागवले की चित्र बदलतं. तिथून पुढे संविधानाचं कलम १४ लागू होतं. सारख्या स्थितीतल्या संस्थांना सारखी वागणूक द्यायची आणि मनमानी करायची नाही. अल्पसंख्याक संस्थांसाठी याशिवाय कलम ३०(२) आहे. संस्था धार्मिक किंवा भाषिक अल्पसंख्याकांच्या व्यवस्थापनाखाली आहे एवढ्याच कारणाने अनुदान देताना सरकारला भेदभाव करता येत नाही. अल्पसंख्याक नसलेल्या ट्रस्टला ३०(२) वापरता येणार नाही, पण व्यवहारात बहुतेक लढाया कलम १४ वरच जिंकल्या जातात, त्यामुळे त्यांनी निराश व्हायचं कारण नाही.

अटी घालण्यालाही मर्यादा आहे. १९६३ सालचं सिद्धराजभाई प्रकरण इथे अजूनही उपयोगी पडतं. ख्रिस्ती संस्थेच्या एका शिक्षक प्रशिक्षण महाविद्यालयाने ८० टक्के जागा सरकारने पाठवलेल्या उमेदवारांसाठी राखाव्यात, नाही तर अनुदान आणि मान्यता दोन्ही जातील, असा तो आदेश होता. सर्वोच्च न्यायालयाने तो टिकू दिला नाही. शिक्षणाचा दर्जा, हिशेब, शिक्षकांची पात्रता याबद्दलच्या अटी सरकार घालू शकतं, पण पैशाच्या बदल्यात संस्था चालवण्याचा हक्कच सोडून द्या, असं ते म्हणू शकत नाही.

पहिली पायरी: पैसा कोणत्या योजनेतला ते ठरवा

हे वाचायला बाळबोध वाटेल. पण अर्धा गोंधळ इथेच असतो.

विनाअनुदानित शाळेला २० टक्क्यांपासून टप्प्याटप्प्याने मिळणारं वेतन अनुदान शालेय शिक्षण विभागाचं. त्याची वाट शिक्षणाधिकारी, विभागीय शिक्षण उपसंचालक, पुण्याचं आयुक्तालय आणि मग मंत्रालय अशी. डॉ. झाकिर हुसेन मदरसा आधुनिकीकरण योजना अल्पसंख्याक विकास विभागाची. धार्मिक अल्पसंख्याकबहुल शाळांना पायाभूत सुविधांसाठी मिळणारं अनुदान ही आणखी निराळी योजना, तिचे अर्ज जिल्हाधिकारी कार्यालयामार्फत मागवले जातात. या शेवटच्या योजनेत शाळेतल्या अल्पसंख्याक विद्यार्थ्यांचं प्रमाण बघतात. व्यवस्थापनाला मिळालेलं अल्पसंख्याक दर्जाचं प्रमाणपत्र हा वेगळा विषय. दोन्हींची गल्लत करून भरलेले अर्ज सर्रास दिसतात, आणि तशीच गल्लत करून दिलेले नकारही.

योजनेचा मूळ शासन निर्णय शासनाच्या संकेतस्थळावरून काढा. त्यावरचा संकेतांक लिहून ठेवा, म्हणजे पुढच्या पत्रव्यवहारात "कोणता जीआर?" हा वाद उरत नाही. नंतर निघालेली शुद्धिपत्रकं आणि पूरकपत्रं शोधा. तुम्ही प्रस्ताव दाखल केला त्या तारखेला कोणते निकष लागू होते, हे ठरवणं महत्त्वाचं आहे, कारण निकष मध्येच बदलले असतील तर तुमच्या प्रस्तावाला कोणते लावले हा स्वतंत्र मुद्दा होतो.

मग एका कागदावर दोन रकाने आखा. डावीकडे शासन निर्णयातला प्रत्येक निकष जसाच्या तसा, उजवीकडे तो पूर्ण करणारा तुमच्या प्रस्तावातला कागद आणि पान क्रमांक. हा तक्ता प्रस्तावाच्या वर लावा. छाननी करणाऱ्या लिपिकाचं काम सोपं होतं आणि "कागद जोडलेला नाही" असा शेरा मारणं अवघड होतं.

दुसरी पायरी: शाळेत धर्म कुठे आहे, ते आधी स्वतः तपासा

अधिकाऱ्याने प्रश्न विचारण्याआधी उत्तर तयार असलेलं बरं. संविधानाचं कलम २८ तीन गोष्टी सांगतं. पूर्णपणे सरकारी पैशावर चालणाऱ्या संस्थेत धार्मिक शिक्षण देता येत नाही. धार्मिक शिक्षण देण्याची अट असलेल्या एखाद्या दानातून किंवा न्यासातून स्थापन झालेली, पण सरकार चालवत असलेली संस्था याला अपवाद. आणि मान्यताप्राप्त किंवा अनुदानित शाळेत धार्मिक शिक्षण किंवा प्रार्थना असली, तरी विद्यार्थ्याच्या संमतीशिवाय, आणि तो अल्पवयीन असेल तर पालकाच्या संमतीशिवाय, त्यात भाग घ्यायला लावता येत नाही.

पहिला मुद्दा किती धारदार आहे ते आसाममध्ये दिसलं. तिथल्या सरकारने २०२० साली कायदा करून सरकारी मदरशांचं सर्वसाधारण शाळांत रूपांतर करायचं ठरवलं. ४ फेब्रुवारी २०२२ रोजी गुवाहाटी उच्च न्यायालयाने तो कायदा वैध ठरवला, कारण ते मदरसे पूर्णपणे सरकारी पैशावर चालत होते. खासगी मदरशांना त्याचा धक्का लागला नाही. उलट बाजूला, उत्तर प्रदेशचा २००४ चा मदरसा शिक्षण मंडळ कायदा अलाहाबाद उच्च न्यायालयाने मार्च २०२४ मध्ये सरसकट रद्द केला होता, तो सर्वोच्च न्यायालयाने ५ नोव्हेंबर २०२४ रोजी बहुतांशी वैध ठरवला. कामिल आणि फाझिल या पदवी आणि पदव्युत्तर पातळीच्या अभ्यासक्रमांपुरता तो टिकला नाही. "तुमच्याकडे धर्म शिकवतात, म्हणून अनुदान नाही" असं एका ओळीत कुणी लिहून दिलं तर ते कारण कायद्यापुढे अपुरं आहे, एवढं यातून घ्यावं.

अनुदानित किंवा अनुदान मागणाऱ्या शाळेने म्हणून तीन व्यवस्था करून ठेवाव्यात. धर्मशिक्षणाच्या तासाला बसण्याची पालकाची लेखी संमती, दरवर्षी नव्याने. न बसणाऱ्या मुलांसाठी त्या वेळात दुसरा तास, आणि तो वेळापत्रकात छापलेला. तिसरी म्हणजे हिशेब. धर्मशिक्षकाचं मानधन, प्रार्थनास्थळाची दुरुस्ती, उत्सवाचा खर्च हे शाळेच्या वेतन-वेतनेतर खात्यात कधीही दिसता कामा नयेत. लेखापरीक्षकाला स्वतंत्र खातेवही दाखवता आली की या विषयावरच्या बहुतेक शंका तिथेच संपतात. अलीकडे शाळा आणि ट्रस्ट यांचे पैसे एकाच बँक खात्यातून फिरवणाऱ्या संस्था कमी झाल्या असल्या तरी संपलेल्या नाहीत, आणि अशा संस्थेने भेदभावाची तक्रार केली की समोरचा पक्ष आधी तेच खातं पुढे करतो.

निव्वळ वेदपाठशाळा किंवा निव्वळ धार्मिक शिक्षण देणारा मदरसा यांना शिक्षण हक्क कायदा लागू नाही, तशी दुरुस्ती २०१२ साली झाली. पण ही सूट दुधारी आहे. योजना "मान्यताप्राप्त शाळां"साठी असेल, तर अशी संस्था तिच्यात बसणारच नाही आणि तो नकार अन्याय्य म्हणता येणार नाही.

तिसरी पायरी: निर्णय होण्याआधीच कागदाचा माग तयार करा

प्रस्ताव हातात देऊन परत येऊ नका. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या. त्रुटीपत्र आलं तर त्यातल्या प्रत्येक त्रुटीला क्रमाने उत्तर द्या आणि त्याचीही पोच घ्या. "साहेबांशी बोलणं झालंय" याला नस्तीत, म्हणजे कार्यालयाच्या फाईलमध्ये, काही किंमत नसते. बोलणं झालं असेल तर त्याच दिवशी दोन ओळींचं पत्र द्या: आज झालेल्या चर्चेत आपण अमुक कागद मागितला, तो सोबत जोडत आहोत.

उत्तरच येत नसेल तर दफ्तर दिरंगाईचा कायदा, म्हणजे २००५ चा बदल्यांचे विनियमन व विलंबास प्रतिबंध अधिनियम, आठवावा. त्याच्या कलम १० प्रमाणे सर्वसाधारणपणे कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे कामाच्या ७ दिवसांपेक्षा जास्त पडून राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची गरज नसलेल्या फाईलवर ४५ दिवसांत आणि पाठवायची असलेल्या फाईलवर ३ महिन्यांत निर्णय व्हायला हवा. न्यायप्रविष्ट बाबींसारखे काही अपवाद याच कायद्यात आहेत. स्मरणपत्रात कलमाचा सौम्य उल्लेख पुरतो. पहिल्याच पत्रात कारवाईची धमकी दिली की फाईल हलत नाही, फक्त जास्त काळजीपूर्वक अडते.

चौथी पायरी: नकाराचं पत्र भिंगाखाली धरा

समजा पत्रात एवढंच आहे: "आपला प्रस्ताव निकषात बसत नसल्याने अमान्य करण्यात येत आहे." या एका ओळीत किती गोष्टी नाहीत ते पाहा. निकष कोणता, हे नाही. कोणत्या कागदावरून तो अपूर्ण ठरला, हे नाही. निर्णय कुणी घेतला, पत्रावर सही करणाऱ्याने की समितीने, तेही नाही.

सुरुवात अधिकारापासून करा. शासन निर्णयात निर्णय घेण्याचा अधिकार जिल्हास्तरीय समितीला असेल आणि नकार कार्यालयातल्या एकट्या अधिकाऱ्याने कळवला असेल, तर समितीची बैठक झाली होती का, हा पहिला प्रश्न. वरून आलेल्या तोंडी सूचनेवरून घेतलेला निर्णयही याच जातीचा. ज्याच्याकडे अधिकार आहे त्याने स्वतः विचार करून तो वापरला पाहिजे.

मग कारण. इथे सर्वोच्च न्यायालयाचा १९७७ चा मोहिंदर सिंग गिल निकाल फार कामाचा आहे. आदेशाचं समर्थन आदेशातच दिलेल्या कारणांवरून झालं पाहिजे, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडून नाही, असं तो सांगतो. म्हणूनच मोघम नकार हा तुमच्या बाजूचा पुरावा असतो. तो आल्यावर लगेच जाऊन "साहेब, नीट कारण द्या" म्हणत भांडू नका. आधी पत्र आहे त्या स्थितीत जपून ठेवा.

"निधीअभावी अमान्य" हे कारण वेगळ्या प्रकारचं. तिजोरीत पैसा मर्यादित असतो, हे न्यायालयही मान्य करतं. पण थोडा पैसा काहींना दिला असेल, तर त्या काहींची निवड कोणत्या क्रमाने केली हे दाखवावं लागतं. प्राधान्यक्रमाची यादी मागा. ती नसेल तर तुमचा मुद्दा तयार झाला.

सुनावणीबाबत एक फरक ध्यानात ठेवायचा. नव्या अर्जावरच्या नकाराआधी प्रत्येक वेळी समोरासमोर सुनावणी मिळेलच असं नाही, लेखी खुलाशाची संधीही पुरेशी धरली जाऊ शकते. पण चालू असलेलं अनुदान थांबवायचं, कमी करायचं किंवा वसूल करायचं असेल तर आधी नोटीस, आरोपांचा तपशील, ज्या अहवालावर भिस्त आहे त्याची प्रत आणि उत्तराला वाजवी वेळ, हे सगळं हवं. तपासणी पथकाचा अहवाल न दाखवता त्यावरून अनुदान बंद करणं हा नेहमी आढळणारा दोष आहे.

शेवटी निर्णय घेणारे कोण होते ते. १९६९ च्या क्रैपक प्रकरणात जम्मू-काश्मीरमधल्या वनसेवेच्या निवडीसाठी बसलेल्या मंडळाचा एक सदस्य स्वतःच उमेदवार होता. त्याचं नाव चर्चेला आलं तेव्हा तो बाहेर गेला, पण इतरांचा विचार होताना आत होता. न्यायालयाने निवड रद्द केली. पक्षपात प्रत्यक्ष घडला हे दाखवावं लागलं नाही, त्याची रास्त शक्यता पुरली. अनुदान छाननी समितीत स्पर्धक संस्थेचा पदाधिकारी बसला असेल, तर हाच धागा. तिथे सदस्याच्या धर्माबद्दल बोलू नका, त्याच्या हितसंबंधाबद्दल बोला. पहिलं बोललात तर प्रकरण भलतीकडे जातं आणि पुरावाही नसतो.

पाचवी पायरी: माहितीचा अधिकार, पण नेमका

"आमचा प्रस्ताव का नाकारला?" असा प्रश्न माहिती अधिकारात विचारला की "प्रश्नार्थक माहिती देता येत नाही" असं उत्तर ठरलेलं. कागद मागा. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयावर आणि साधारण १५० शब्दांत असावा लागतो. मजकूर असा चालेल:

"अमुक योजना, अमुक वर्ष, आमच्या शाळेचा प्रस्ताव (आपला आवक क्रमांक व दिनांक). हवी असलेली माहिती: सदर प्रस्तावाच्या नस्तीतील सर्व टिपण्या व शेऱ्यांच्या प्रती, ज्या बैठकीत प्रस्ताव विचारात घेतला तिचे इतिवृत्त व उपस्थिती पत्रक, गुणांकन तक्ता, त्याच वर्षी मंजूर व नामंजूर झालेल्या शाळांची यादी, कारणांसह. तसेच नस्तीची प्रत्यक्ष पाहणी करण्यासाठी दिनांक व वेळ कळवावी."

प्रत्यक्ष पाहणी सोडू नका. टिपणीच्या समासात पेन्सिलने लिहिलेला शेरा, खाडाखोड केलेला गुण, आधी "पात्र" लिहून नंतर बदललेला अभिप्राय हे झेरॉक्समध्ये दिसेलच असं नाही. अर्जाची फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तर नाही किंवा अपुरं आलं तर ३० दिवसांत पहिलं अपील, त्यानंतर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरं. आयोगाकडची रांग मोठी असते, त्यामुळे पुढच्या पायऱ्या त्यासाठी थांबवू नका. याच कायद्याचं कलम ४(१)(घ) प्रशासकीय निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला द्यायला सांगतं. मोघम पत्रावर उत्तर लिहिताना त्याचा उल्लेख जरूर करा.

सहावी पायरी: निवेदन, अपील आणि तुलना

योजनेत किंवा कायद्यात अपिलाची तरतूद असेल तर आधी तिथे जा. ती टाळून थेट न्यायालयात गेलात तर बहुधा परत पाठवतील. तरतूद नसेल तर निर्णय घेणाऱ्याच्या वरच्या अधिकाऱ्याला सविस्तर निवेदन द्या. त्यात निकषांचा तो दोन रकान्यांचा तक्ता, नकारातला दोष, आणि शेवटी स्पष्ट मागणी: प्रस्तावाचा फेरविचार करून कारणांसह लेखी आदेश इतक्या दिवसांत द्यावा. ही मागणी नोंदवलेली असणं गरजेचं आहे. सरकारला काम करायला लावणारा आदेश न्यायालयाकडून हवा असेल, तर तुम्ही आधी मागणी केली होती आणि ती फेटाळली किंवा दुर्लक्षित झाली, हे दाखवावं लागतं.

दुसऱ्या शाळेशी तुलना करताना सावध राहा. तुमच्यासारखीच पात्र शाळा मंजूर आणि तुम्ही नामंजूर, ही खरी असमानता. पण अपात्र असूनही कुणाला अनुदान मिळालं म्हणून अपात्र असलेल्या तुम्हालाही मिळावं, हे चालत नाही. चंदीगड प्रशासन विरुद्ध जगजित सिंग (१९९५) या निकालात ते स्पष्ट आहे. म्हणून माहिती अधिकारातून आलेल्या यादीतल्या अशाच दोन-तीन शाळा निवडा ज्यांची विद्यार्थीसंख्या, मान्यतेचं वर्ष आणि गुणांकन तुमच्या जवळचं आहे, आणि ज्यांचं व्यवस्थापन वेगळ्या समुदायाचं किंवा धर्मनिरपेक्ष आहे. भेदभावाचा आरोप करायचा तो इथे, आकडे समोर ठेवून.

अल्पसंख्याक संस्थेला राष्ट्रीय अल्पसंख्याक शैक्षणिक संस्था आयोगाकडेही तक्रार करता येते. २००४ च्या कायद्याने तो स्थापन झाला आहे आणि चौकशी करून सरकारला निष्कर्ष कळवू शकतो. अनुदानाचा धनादेश मात्र तो काढून देत नाही. जिल्हाधिकारी कार्यालयातला लोकशाही दिन अडलेली फाईल हलवायला बरा. निर्णयाचा कायदेशीरपणा तपासून घ्यायला त्याचा उपयोग नाही.

शेवटचा पर्याय: उच्च न्यायालय

संविधानाच्या कलम २२६ खालची याचिका शाळा उच्च न्यायालयाच्या ज्या खंडपीठाच्या हद्दीत येते तिथे दाखल होते. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) सुरू आहे, त्यामुळे तिथल्या शाळांचा मुंबईचा हेलपाटा वाचला. मुदतीचा ठरावीक आकडा नाही, पण वर्ष-दोन वर्षं गप्प बसून गेलात तर उशिराचा खुलासा करावा लागतो. आर्थिक वर्ष संपून निधी परत गेला असेल तर प्रश्न आणखी अवघड होतो.

न्यायालय काय देतं, याची अपेक्षा नीट ठेवा. बहुतेक वेळा नकाराचा आदेश रद्द होतो आणि ठरावीक मुदतीत, तुम्हाला ऐकून, कारणांसह नवा निर्णय घ्या असं सांगितलं जातं. अनुदान द्याच, असा थेट आदेश विरळा. म्हणजे प्रस्ताव पुन्हा त्याच कार्यालयात येतो. त्या सुनावणीला अध्यक्ष किंवा सचिवाने संस्थेच्या ठरावाची प्रत घेऊन स्वतः जावं, सोबत मुख्याध्यापक आणि हिशेब पाहणारी व्यक्ती असावी. तोंडी जे बोलाल तेच लेखी म्हणणं म्हणून दाखल करा, पोच घ्या, आणि सुनावणीच्या नोंदीवर सही करण्याआधी ती पूर्ण वाचा. न्यायालयाने दिलेली मुदत संपण्याच्या आठवडाभर आधी, निकालाची प्रत जोडून, एक स्मरणपत्र आवकमध्ये पडलेलं असू द्या.